बखर, शकावली व पोवाडा : वाङ्मयप्रकारांच्या चौकटी आणि आपलें वाचन

जुन्या कागदांचा रुमाल सोडला म्हणजे संग्राहकाचें पहिलें काम वाचण्याचें नसतें, नांव देण्याचें असतें. हें पत्र, ही यादी, ही बखर, हें स्तोत्र, हा पोवाडा असें म्हणत तो कागदांचे ढीग करतो. इतिहासाचा ढीग आपल्याकडे राहतो, काव्याचा ढीग कोणा काव्यप्रेमी स्नेह्याकडे जातो, आणि वैद्यक, ज्योतिष, व्रतकथा यांचा ढीग बहुधा जेथून आला तेथें परत जातो. हें काम इतकें सहज होतें कीं, त्यांत आपण कांहीं निर्णय करीत आहों याचें भानही राहत नाहीं. प्रस्तुत लेखांत आम्हांस या निर्णयाविषयींच थोडें लिहावयाचें आहे. ग्रंथाची जात ठरवितांना आपण त्याचा अर्थही ठरवीत असतों. आणि ग्रंथकर्त्यानेंही लिहावयास बसतांना तीच जात आधीं मनाशीं धरलेली असल्यामुळें, त्याच्या लेखणींतून काय उतरावयाचें व काय गळावयाचें हें पहिली ओळ लिहिण्यापूर्वींच अर्धेअधिक ठरून गेलेलें असतें.

आमचें शिक्षण संस्कृताचें, म्हणून आरंभ तिकडूनच करतों. भामहानें गद्यांतील निरूपणाचे दोन भेद केले आहेत. एक आख्यायिका व दुसरी कथा. आख्यायिकेचे भाग उच्छ्वास या नांवानें पाडावे, तींत वक्त्र व अपरवक्त्र या वृत्तांचे श्लोक यावे, आणि नायकानें आपलें वृत्त आपल्याच मुखानें सांगावें. कथेंत उच्छ्वास नसावे, तीं वृत्तें नसावीं, आणि नायकाचें चरित्र दुसऱ्या कोणी सांगावें, कारण कुलीन पुरुषानें आपले गुण आपणच वर्णिणें शोभत नाहीं. दण्डीला हा भेद पटला नाहीं. सांगणारा कोण आणि प्रकरणास नांव कोणतें एवढ्यावरून जाति भिन्न होत नाहीं, एकाच जातीला हीं दोन नांवें मिळालीं आहेत, असा त्याचा निकाल आहे. आणि बाणभट्टाकडे पाहिलें तर दण्डीची बाजू बळकट दिसते. हर्षचरितास बाण स्वतः आख्यायिका म्हणतो, त्याचे आठ उच्छ्वासही पाडतो; पण तेथें हर्षाची हकीकत हर्ष सांगत नाहीं, बाणच आपल्या भाऊबंदांस सांगतो, आणि पहिले दोन-अडीच उच्छ्वास तर स्वतःच्या कुळाचें व स्वतःचें वृत्त देण्यांत खर्च करतो. लक्षणकाराची चौकट कवीनें अर्धी पाळली आणि अर्धी मोडली.

परंतु याहून महत्त्वाची गोष्ट अमरसिंहाच्या कोशांत आहे. ज्या प्रबंधाचा विषय आधींच ज्ञात आहे ती आख्यायिका, आणि ज्यांत कवीची रचना आहे ती कथा, असा अर्थभेद तो सांगतो. म्हणजे भामहाची कसोटी आकाराची आणि अमराची कसोटी खरेखोटेपणाची. या दोन कसोट्या एकाच शब्दांत गुंतल्या, आणि उच्छ्वास दिसले कीं मजकूर खरा असलाच पाहिजे, ते नसले कीं तो कल्पित, असा समज वाचकाच्या मनांत नकळत घर करून बसला. बखरीसंबंधानें आपल्याकडे गेलीं दीडशें वर्षें जो वाद चालला आहे, त्याच्या मुळाशीं हाच गुंता आहे असें आम्हांस वाटतें.

आनंदवर्धनाचेंही एक वचन येथें लक्षांत ठेवण्याजोगें आहे. ध्वन्यालोकाच्या तिसऱ्या उद्द्योतांत त्यानें असें दाखविलें आहे कीं, समास लांब करावे कीं आखूड हें केवळ रसावर, बोलणारावर किंवा बोलण्याच्या विषयावर अवलंबून नसतें, तें प्रबंधाच्या प्रकारावरही असतें. मुक्तकास एक रचना शोभते, सर्गबंधास दुसरी, नाटकास तिसरी, आणि आख्यायिकेंत मध्यम व दीर्घ समासांचेंच प्राबल्य असतें. हा नवव्या शतकांतील काश्मीरी पंडित आपणांस सांगतो कीं, अमुक वाक्य असें कां लिहिलें याचें उत्तर कधीं कधीं लेखकाच्या मनांत न शोधतां त्यानें पत्करलेल्या प्रकारांत शोधावें. हें सूत्र आमच्या मोडी कागदांस लावून पाहिलें तर काय दिसतें तें आतां पाहूं.

प्रतापगडचा प्रसंग घेऊं. शके १५८१ मार्गशीर्ष शुद्ध सप्तमी, म्हणजे १० नोव्हेंबर १६५९, या दिवशीं अफजलखान मारला गेला. ही एकच घटना आपणांस निदान पांच प्रकारच्या लेखनांत सांपडते, आणि प्रत्येकींत ती निराळी आहे. निराळी म्हणजे खोटी असें आमचें म्हणणें नाहीं.

अज्ञानदासाचा पोवाडा हा उपलब्ध पोवाड्यांतील सर्वांत जुना समजला जातो. पोवाडा उभ्यानें गावयाचा, डफाच्या तालावर, समोर बसलेल्या सभेस ऐकवावयाचा. सभेंत ज्यांचीं नांवें घ्यावयाचीं ते सरदार किंवा त्यांचे आप्त बसलेले असण्याचा संभव. म्हणून नांवांच्या माळा, शस्त्रांचीं व घोड्यांचीं वर्णनें, आणि दोघां वीरांची समोरासमोर उक्तिप्रत्युक्ति. ऐकणारास मागची ओळ पुन्हां उलटून पाहतां येत नाहीं, यासाठीं शाहीर तीच गोष्ट फिरून फिरून सांगतो. पोवाड्यांत शत्रु मोठाच असावा लागतो. लहान शत्रूस मारण्याचा पोवाडा कोणी ऐकत नाहीं. तेव्हां पोवाड्यांतील खानाच्या थोरवीवरून खानाचें बळ मोजूं जाणें व्यर्थ, पण त्या थोरवीवरून महाराजांच्या सभेस कोणती गोष्ट ऐकावीशी वाटत होती हें मात्र चोख कळतें. शाहिरास बक्षीस मिळाल्याचा उल्लेखही त्या कवनांतच आहे. बखरकार असा उल्लेख स्वतःविषयीं करीत नाहीं, कारण त्याच्या प्रकारांत तो बसत नाहीं.

परमानंद कवींद्रानें तीच घटना शिवभारतांत वर्णिली. सदाशिव महादेव दिवेकर यांनीं हा ग्रंथ १९२७ सालीं प्रसिद्ध केला. ग्रंथकार आपल्या ग्रंथास अनुपुराण म्हणतो, आणि एकदां पुराण म्हटलें कीं पुराणाचीं अंगें आलींच. काशींतील पंडितांनीं प्रश्न करावा व कवीनें उत्तर द्यावें, भूमीनें भाराचें गाऱ्हाणें देवांपुढें मांडावें, विष्णूनें अवतार घेण्याचें कबूल करावें, आणि प्रसंगीं भवानीनें स्वतः प्रकट व्हावें. पहिल्यानें हा ग्रंथ हातीं घेणारा इतिहासप्रेमी येथेंच त्यास खालीं ठेवतो. परंतु ज्यानें धीर धरून पुढचे अध्याय वाचले त्यास गांवांचीं, घाटांचीं, सरदारांचीं नांवें इतक्या निश्चयानें दिलेलीं आढळतात कीं, कवि कारभाराच्या निकट वावरत असला पाहिजे याविषयीं शंका राहत नाहीं. पुराणाच्या कोशांत इतिहासाचा किडा वाढला आहे. कोश फेकून देतांना आंत काय आहे तें पाहिलें पाहिजे.

तिसरा प्रकार सभासदाच्या बखरीचा. राजाराम महाराजांच्या आज्ञेवरून कृष्णाजी अनंत सभासदानें ती जिंजीस लिहिली. तिचा काळ इ. स. १६९७ च्या सुमाराचा धरतात. तिचें स्वरूप पाहिलें तर ती धन्यानें सेवकास पुसलें व सेवकानें विनंति करून उत्तर लिहिलें अशी आहे. अर्थात् ती पत्राच्या सांच्यांत ओतलेली आहे. सेवकानें धन्यास त्याच्या पित्याची हकीकत सांगावयाची असल्यामुळें तीस विनंतिपत्राची अदब आहे, आणि विनंतिपत्रास लागत नाहीं ती तिथिवारांची काटेकोर मांडणीही तींत नाहीं. प्रसंगांचा क्रम मागेंपुढें झाला आहे. यावरून सभासदाची स्मरणशक्ति दुर्बल होती असें पुष्कळांनीं लिहिलें आहे. आम्हांस असें वाटतें कीं, म्हातारपणाच्या विस्मरणाबरोबर प्रकाराचाही यांत वाटा आहे. पित्याची थोरवी जाणूं इच्छिणाऱ्या पुत्रास गड किती, कारखाने किती, अष्टप्रधान कोण, कारभाराची रीत कशी, हें सांगणें अगत्याचें. कोणता गड कोणत्या गडाच्या आधीं घेतला हें तितकें अगत्याचें नव्हे. ज्या याद्या आज बखरींतील सर्वांत मोलाचा भाग ठरल्या आहेत, त्या याच कारणानें तिच्यांत आल्या.

आतां जेध्यांच्या घरचे दोन कागद पाहूं. आमच्या मतें या विषयांत याहून बोलका दाखला मिळणें कठीण. कारी येथील जेधे देशमुखांच्या दप्तरांत एक शकावली व एक करीणा निघाला. शकावलींत शक, संवत्सर, मास, तिथि, आणि पुढें घटना एका ओळींत. कोणी कोणास काय म्हटलें, कोणाच्या मनांत काय होतें, याचा तेथें मागमूस नाहीं. करीणा मात्र सगळा माणसांनीं भरलेला आहे. खान वाईकडे उतरला, आदिलशाही फर्मान कान्होजी जेध्यांस आलें, ते पुत्रांसह महाराजांकडे गेले, फर्मान पुढें ठेवलें, आणि आपल्या वतनावर पाणी सोडून इमान दिलें, हा सबंध प्रसंग करीण्यांत डोळ्यांपुढें उभा राहतो. घर तेंच, घटनाही तीच. शकावलीस हा प्रसंग कां नको आणि करीण्यास कां हवा ? करीणा हा वतनाच्या हक्कासंबंधाचा कागद. आमच्या वडिलांनीं धन्यासाठीं काय सोडलें हें दाखविल्यावांचून आम्हांस काय मिळावें हें सांगतां येत नाहीं. कान्होजीच्या निष्ठेविषयीं आम्हांस तिळमात्र संशय नाहीं. परंतु ती निष्ठा इतक्या ठसठशीतपणें कागदावर राहिली याचें श्रेय वतनाच्या भांडणांस दिलें पाहिजे. महाराष्ट्रांत वतनाचे तंटे झाले नसते तर आपल्या इतिहासाचीं निम्मीं पात्रें मुकीं राहिलीं असतीं.

शकावली कोरडी आहे म्हणून खरी, अशी एक समजूत मंडळींत आहे. तिचा कांहीं भाग रास्त आहे, आणि तो कसा रास्त ठरला हें सांगण्याजोगें आहे. शिवछत्रपतींचा जन्म शके १५४९ च्या वैशाखांत, म्हणजे १६२७ सालीं, झाला असें उत्तरकालीन बखरींवरून सर्वत्र मानलें जात असे. लोकमान्य टिळकांनीं १९१६ सालीं जेधे शकावली प्रकाशांत आणली, आणि तींत शके १५५१ फाल्गुन वद्य तृतीया, म्हणजे १९ फेब्रुवारी १६३०, ही तिथि मिळाली. वाद माजला. एका बाजूस अनेक बखरी, दुसऱ्या बाजूस एक ओळ. पुढें शिवभारतांत तीच तिथि निघाली. जोधपुरास सांपडलेल्या कुंडल्यांच्या संग्रहांतही महाराजांची कुंडली निघाली आणि तीही तिकडेच झुकली. आतां या तीन साक्षीदारांकडे जरा पाहा. एक शकावली, एक स्वतःस पुराण म्हणविणारें काव्य, आणि एक जोशाच्या घरचें कुंडल्यांचें बाड. यांपैकीं दुसरें व तिसरें आपल्यापैकीं किती जणांनीं इतिहासाच्या ढिगांत टाकलें असतें ? पुराणाच्या प्रकारांत नायकाच्या जन्माचें ऋतु-मास-तिथि-नक्षत्रासह वर्णन करणें हा शिष्टाचार आहे. कुंडलीस तर तिथीवांचून अस्तित्वच नाहीं. बखरीस तिथि हवीच असें नाहीं. यास्तव ज्या प्रकारांस आपण काल्पनिक व भाबडे म्हणतों त्यांनीं तिथि नीट राखली, आणि जिला आपण इतिहास म्हणतों तिनें ती हरवली. ज्या प्रकारास जी गोष्ट लागते ती तो जपून ठेवतो, एवढाच याचा अर्थ.

बखर हा शब्द ‘खबर’ या शब्दांतील वर्णांची उलटापालट होऊन झाला, अशी सर्वसामान्य व्युत्पत्ति आहे. पण या एका नांवाखालीं आपण काय काय भरलें आहे ! सभासदाचें विनंतिवजा चरित्र बखर. मल्हार रामराव चिटणीसानें एकोणिसाव्या शतकाच्या आरंभीं साताऱ्यास लिहिलेलें सप्तप्रकरणात्मक चरित्रही बखर. तें महाराजांच्या निधनानंतर सुमारें सवाशें वर्षांनीं, राजनीतिशास्त्राचा अभ्यास असलेल्या गृहस्थानें, राजा कसा असावा हें मनाशीं धरून लिहिलें आहे. चाफळच्या हनुमंतस्वामींनीं लिहिलेलें समर्थांचें चरित्र हीही बखरच, आणि तिचें नातें संतचरित्राशीं आहे. महिकावतीची बखर तर सहा प्रकरणांची, निरनिराळ्या हातांची व काळांची, कांहीं गद्य व कांहीं पद्य. हीं सारीं एका पिंजऱ्यांत घालून ‘बखरी विश्वसनीय कीं अविश्वसनीय’ असा प्रश्न विचारणें म्हणजे चतुष्पाद प्राणी दूध देतात कीं नाहीं असें विचारण्यासारखें आहे. राजवाड्यांनीं ‘मराठ्यांच्या इतिहासाचीं साधनें’ या खंडांच्या प्रस्तावनांतून बखरींची कडक झडती घेतली, आणि ती घेणें अवश्य होतें, कारण अस्सल पत्रांची किंमत तेव्हां कोणी ओळखीत नव्हता. पण त्याच राजवाड्यांनीं १९२४ सालीं महिकावतीची बखर विस्तृत प्रस्तावनेसह छापली, आणि तींतून उत्तर कोंकणांतील समाजाचें, वस्त्यांचें, कुळांचें जें चित्र त्यांनीं काढून दाखविलें, तें तिच्यावर राजकीय घटनांची बखर म्हणून नुसता शेरा मारून हातीं लागलें नसतें. त्यांनीं तिचें नांव तेंच ठेवलें, पण तिला निराळे प्रश्न विचारले.

पानिपताच्या बखरींविषयीं थोडें अधिक लिहिणें भाग आहे. रघुनाथ यादवानें आपली पाणिपतची बखर गोपिकाबाईंच्या आज्ञेवरून लिहिली. ही गोष्ट प्रस्तावनांतून एका वाक्यांत सांगितली जाते व वाचक पुढें जातो. आम्हीही पुष्कळ वर्षें तसेच पुढें गेलों. एकदां मात्र ती पुन्हां वाचतांना आम्ही त्या वाक्यापाशीं थांबलों. गोपिकाबाई या नानासाहेब पेशव्यांच्या पत्नी व विश्वासरावांच्या माता. १४ जानेवारी १७६१ रोजीं पुत्र रणांत पडला आणि त्याच वर्षाच्या जूनमध्यें पतीही गेले. ज्या बाईनें हा मजकूर मागविला तिच्यापुढें तिच्याच मुलाचें मरण लिहावयाचें होतें. आतां सैन्य लाखांनीं कां मोजलें, योद्ध्यांस भारती युद्धांतील वीरांच्या उपमा कां दिल्या, रणाचें वर्णन इतकें कां फुलविलें, याचा विचार करावा. सेवकास मातेला सांगावयाचें आहे कीं तुमचा पुत्र कुरुक्षेत्रावर पडला. हें सांगावयास हजेरीपटाची भाषा उपयोगी नव्हती. भारताची भाषाच जवळ होती, आणि तिला मापून घेतलेले आंकडे ठाऊक नसतात. त्या बखरींतील संख्यांवर हंसणारें टिपण आम्हीं स्वतः एके काळीं केलें होतें. तें आतां काढून टाकलें आहे.

याच्या उलट टोंकास त्याच युद्धाची वार्ता देणारें सावकारी पत्र आहे. ग्रँट डफनें १८२६ सालच्या आपल्या इतिहासांत तें दिल्यापासून तें सर्वांस ठाऊक आहे. त्यांत युद्ध नाहीं, वीर नाहीं, शोकही नाहीं. मोत्यें, मोहरा आणि खुर्दा यांची बूड एवढेंच आहे. व्यापारी पत्राची अडत्या-अडत्यांमधील भाषा पत्करल्यामुळें तो मजकूर वाटेंत कोणी उघडला तरी निभावला असता, आणि ज्याच्यासाठीं लिहिला त्यास एका क्षणांत सर्व कळलें असतें. प्रकार म्हणजे केवळ लेखकाचें बंधन असें समजणारांनीं हें पत्र डोळ्यांपुढें ठेवावें. येथें बंधन हेंच कुलूप व हीच किल्ली झाली आहे.

प्रकाराची सीमा वाचणारांतही पडते. महानुभावांतील भास्करभट्ट बोरीकरांची आख्यायिका प्रसिद्ध आहे. त्यांनीं शिशुपाळवध हें काव्य रचलें. गुरुबंधूंस तें दाखविलें तेव्हां, ग्रंथ उत्तम झाला, पण शृंगारिक असल्यामुळें निवृत्त पुरुषांच्या वाचनाजोगा नाहीं, असा अभिप्राय मिळाला. तेव्हां भास्करभट्टांनीं भागवताच्या एकादश स्कंधावर दुसरा ग्रंथ रचला. अभिप्राय देणारानें काव्याचा दोष काढला नाहीं, काव्य चुकीच्या फळीवर ठेवलें आहे एवढेंच सांगितलें. त्या एका बोलण्यानें मराठीस एक सबंध ग्रंथ मिळाला. दोन्ही ग्रंथ पंथाच्या मान्य सात ग्रंथांत आज शेजारीं बसतात, ही त्यांतली गंमत.

छपाईच्या काळानें या सीमा मोडल्या नाहींत, उलट पक्क्या केल्या. १८७८ सालीं काव्येतिहाससंग्रह निघूं लागला. काशिनाथ नारायण साने, जनार्दन बाळाजी मोडक व शंकर तुकाराम शाळिग्राम यांचे उपकार या क्षेत्रांत काम करणारा कोणीही विसरणार नाहीं. तें मासिक निघालें नसतें तर कित्येक बखरी वाळवीच्या पोटांत गेल्या असत्या. पण नांव पाहा. काव्य व इतिहास यांचा संधि नांवांत झाला आहे, आंतल्या पानांवर मात्र काव्याचा विभाग वेगळा व इतिहासाचा वेगळा. तीच गत पोवाड्यांची. ॲक्वर्थसाहेब व शाळिग्राम यांनीं १८९१ सालीं पोवाड्यांचा संग्रह छापला तो ‘इतिहासप्रसिद्ध पुरुषांचे व स्त्रियांचे’ पोवाडे या नांवानें. जो पुरुष इतिहासप्रसिद्ध नाहीं त्याच्या पोवाड्यास या नांवांतच जागा राहिली नाहीं. परशरामानें किंवा प्रभाकरानें पोवाडा व लावणी एकाच तोंडानें व बहुधा एकाच रात्रीं गाइली असेल. पण आपल्या कपाटांत पोवाडा इतिहासाकडे गेला आणि लावणी दुसऱ्या कपाटांत, कधीं कधीं तर घराबाहेरच. दुष्काळाचें वा शहरांतील चालीरीतींचें वर्णन लावणींत आलें असलें तर तें इतिहासकाराच्या नजरेस सहसा पडत नाहीं.

हस्तलिखितांत तर ही सीमा लिपींतच उमटलेली आहे. कारभाराचा कागद मोडींत, पोथी बाळबोधांत. बखरी बहुधा मोडींत, म्हणून त्या दप्तराच्या बाजूस गेल्या. पोथी सुट्या पानांची, दोन फळ्यांमध्यें बांधलेली, दप्तर रुमालांत, आणि या दोहोंच्या मध्यें बाड, म्हणजे शिवलेली, घरच्या माणसानें हातीं लागेल तें उतरून ठेवलेली वही. बाडास प्रकार नाहीं. त्यांत अभंग असतो, पुढच्या पानावर पोटदुखीचा काढा, मग देण्याघेण्याचे आंकडे, मग एखादी शकावली, आणि तिच्या पाठोपाठ गणपतीची आरती. बाड लिहिणाऱ्यास यांत कांहीं विसंगत वाटत नसे. एका कुटुंबास जें जपावयाचें होतें तें सर्व त्यांत आहे.

आतां आमच्या हातून झालेला एक प्रमाद सांगितला पाहिजे. तो सांगण्यासाठींच खरें म्हणजे हा लेख लिहिला आहे. पुष्कळ वर्षांपूर्वीं एका जुन्या घरीं असें एक बाड पाहावयास मिळालें. त्यांत तीन पानांची शकावली होती, आणि तींतील दोन नोंदी आम्हांस अन्यत्र कोठेंही आढळल्या नव्हत्या. घरच्या वृद्ध गृहस्थांनीं बाड सबंध न्या म्हणून आग्रह केला. आम्हीं इतिहासाचीं तेवढीं तीन पानें मागून घेतलीं, शिवण उसवून तीं वेगळीं केलीं, आणि बाकीचें धार्मिक व किरकोळ आहे, तें आपल्या देवघरांत असूं द्या, असें म्हणून परत केलें. त्या वेळीं आपण फार नेमस्तपणें वागलों असें वाटलें होतें. पुढें त्या दोन नोंदी प्रसिद्ध करण्याचा विचार आला तेव्हां पहिला प्रश्न उभा राहिला तो असा कीं, ही नक्कल कोणी व केव्हां केली. शकावलींत लेखकाचें नांव नसतें. तो प्रकारच तसा आहे. जुनें पत्र असतें तर त्यावर तारीख असती, पोथी असती तर शेवटीं ‘लेखन समाप्त’ म्हणून शक, संवत्सर, गांव व लिहिणाराचें नांव असतें. आणि मग आठवलें कीं, त्याच बाडांत, त्याच हातानें उतरलेलें एक स्तोत्र होतें, आणि त्याच्या शेवटीं पोथीच्या रिवाजाप्रमाणें दोन ओळींची समाप्ति होती. ती आम्हीं पाहिली होती, वाचली नव्हती. स्तोत्र आमच्या ढिगांतलें नव्हतें.

आम्ही पुन्हां त्या गांवीं गेलों. वृद्ध गृहस्थ वारले होते. त्यांच्या चिरंजीवांनीं मोठ्या आदरानें सांगितलें कीं, वडिलांच्या मागें जुन्या जीर्ण पोथ्या पायांखालीं येऊं नयेत म्हणून नदींत विसर्जन केल्या, त्यांत तें बाडही गेलें. इतिहासाचीं पानें आपण आधींच नेलीं होतीं हें बरें झालें. त्यांच्या बोलण्यांत बोल लावण्यासारखें कांहीं नव्हतें. पोथीचें विसर्जन हा पोथीस मान देण्याचा प्रकार आहे, आणि बाडाचा उरलेला भाग पोथी आहे असें आम्हींच त्यांच्या वडिलांस सांगितलें होतें. तीं तीन पानें आमच्याजवळ आहेत. त्यांतील नोंदी खऱ्या असतील, पण त्यांचा काळ व हात सिद्ध करतां येत नाहीं म्हणून आम्हीं त्या आजवर छापल्या नाहींत, आणि पुढेंही छापणार नाहीं.

तेव्हांपासून आमच्या संग्रहांतील नोंदवहींत आम्ही एक बदल केला आहे. पूर्वीं पहिला रकाना ‘विषय’ हा असे. आतां पहिल्या रकान्यांत कागद कोणत्या वस्तूंतून निघाला तें लिहितों : बाड, रुमाल, पोथी, जोशाचें दप्तर, भिंतींतील कोनाडा. दुसऱ्यांत त्याच्या मागेंपुढें काय होतें तें. तिसऱ्यांत लिहिणारानें स्वतः आपल्या लेखास काय म्हटलें आहे तें. चरित्र, विनंति, करीणा, अनुपुराण, जें असेल तें. आणि आपण त्यास काय म्हणतों हा रकाना शेवटीं, पेन्सिलीनें.